पस्तिसावं अंडं

१८ मे

ही वही मुकादम रिगोबेर्तोने दिली. पुढच्या पानांवर रोज दोनदा सरड्यांच्या अंड्यांच्या पेटीतली उष्णता लिहायची. मागची पानं कोणी मागितलेली नाहीत, म्हणून ती माझी. रिगोबेर्तो वाचेल याची भीती नाही. चष्म्याशिवाय त्याला अक्षर दिसत नाही, आणि चष्मा त्याने ईस्टरच्या आठवड्यात नदीत पाडला.

आज तो लिमोनला गेला. मुलीचं बाळंतपण आहे, महिनाभर येणार नाही. जाताना त्याचे रबरी बूट माझ्या गळ्यात मारले. म्हणे त्याला घट्ट होतात. उतरलेले बूट दुसऱ्याच्या पायात घालायची सीमेच्या अलीकडच्या या लोकांची जुनी हौस. तळव्याला दुकानाची चिठ्ठी अजून चिकटलेली आहे, इतका आळशी माणूस. मापाला मात्र बरोबर बसले.

मग पेटीसमोर उभं करून बोट नाचवत म्हणाला, "ओल राख. ऊन लागू देऊ नकोस. आणि हात लावू नकोस."

"कशाला?"

"अंड्यांना. हात लावू नकोस."

जणू माझे हात गटारातून आलेत. दोन वर्षं अननसाच्या मळ्यात वाकून औषध मारलं, हे खरं. पण त्याआधी सतरा वर्षं मी आईच्या कोंबड्यांमध्ये वाढलो. अंडं म्हणजे काय, हे मला लिमोनच्या म्हाताऱ्याने शिकवायचं?

२० मे

मोजली. चौतीस अंडी. बोटाच्या पेराएवढी, पांढरी, टरफल मऊ, चामड्यासारखं. तिसरीनंतर शाळा सुटली, म्हणून तीनदा मोजली. चौतीसच.

पेटीत ओलं शेवाळ, खाली भुसभुशीत माती. त्यात नुसती पडून आहेत बिचारी. कोणी बघणारं नाही. आई उबवणीला अंडी ठेवायची तेव्हा कोळशाने एका अंगाला फुली मारायची, दुसऱ्या अंगाला गोल. सकाळी फुली वर, दुपारी गोल वर, संध्याकाळी पुन्हा फुली. उलटवलं नाही तर पिल्लू आत चिकटून मरतं, असं ती सांगायची, आणि आमच्या सान मिगेलितोच्या आसपास तिच्याइतकी पिल्लं कोणाची निघायची नाहीत.

स्वयंपाकीण मायराबाईंच्या चुलीतून कोळसा आणला. चौतीस फुल्या, चौतीस गोल. मुकादम आला की बघ म्हणावं.

२७ मे

मालक पाहुणे घेऊन आले. मालक म्हणजे अबेलिनो चावेर्री. नदीकाठची ही सगळी जमीन त्यांची. या सरड्यांचं तळं त्यांच्या बायकोने हौसेने बांधलं होतं. ती गेली, तेव्हापासून ते तळ्याकडे असे बघतात, जसं कोणी न आवडणाऱ्या नातेवाइकाकडे बघावं.

पाहुण्यांना पाण्यावरची धाव बघायची होती. आमच्याकडे सगळ्यात मोठा नर आहे, त्याला बिशप म्हणतात. डोक्यावर एक तुरा, पाठीवर दुसरा, शेपटीवर तिसरा. हिरवागार, डोळा पिवळा. दगडावर बसून सगळ्यांना आशीर्वाद देत असतो. मी मागून टाळी वाजवली. बिशपने सगळी इभ्रत सोडली आणि दोन पायांवर उभा राहून पाण्यावरून पळत सुटला. हात बाजूला लोंबतायत, मान ताठ. सहा-सात पावलं गेला आणि बुडाला. मग पोहत पलीकडे.

"बस? एवढंच?" एक पाहुणी म्हणाली.

"म्हातारा आहे, बाई," मी म्हणालो. "अंगाने जड. खरी धाव पोरांची. अंड्यातून निघालेलं पोर हे सगळं तळं कोरड्या पोटाने ओलांडतं."

मालक म्हणाले, "मग दाखव की एखादं पोर. दोन वर्षं झाली, मी तर नाही बघितलं."

मायराबाईंनी छातीवर क्रूस काढला. त्या याला प्रभूचा सरडा म्हणतात, कारण प्रभू पाण्यावरून चालले. मी त्यांना म्हटलं, प्रभू चालले, हा पळतो. चालला तर बुडेल. त्यांनी मला पळी दाखवली.

९ जून

काही अंडी पिवळी पडलीत. सहा-सात आत चेपलीत, उन्हात पडलेल्या चिंचेसारखी. ओल वाढवली. दिवसातून तीनदा उलटवत होतो ते पाचदा करतो आहे. हार मानायची माझी सवय नाही.

१२ जून

आणखी अकरा. मायराबाईंनी काळ्या घेवड्याचा भात दिला, तोही गिळला नाही. त्यांनी विचारलं तर म्हटलं, आमच्याकडे लाल घेवडा घालतात, काळ्या घेवड्याला चव नसते. म्हणाल्या, "मग जा लाल घेवड्याच्या देशात." आणि वरून तळलेलं केळं वाढलं.

१५ जून

मुकादम आला. नात झाली त्याला. पिशवी न ठेवताच पेटीशी गेला. एक अंडं हातभर लांब धरून डोळे बारीक करून बघत राहिला. मग दुसरं. मग तिसरं.

"हे काळं काय?"

"खूण. ओळखायला."

"ओळखायला," तो म्हणाला. मग, "तुझ्या आईकडे कोंबड्या किती होत्या म्हणालास?"

"चाळीस."

त्याने मान हलवली आणि अंडं जसं होतं तसं परत ठेवलं. शिवी दिली असती तर बरं झालं असतं. मीही चार दिल्या असत्या. तोंडात तयारच होत्या.

दुपारी मालक आले. पेटीत वाकून नाक दाबलं. "सगळी?"

"सगळी," रिगो म्हणाला. "पेटीला फट होती. ओल टिकली नाही. पेटी मी बांधली, चूक माझी."

ऐका! चुकीचाही मान यालाच पाहिजे. फटबिट काही नव्हती, पेटी पखालीसारखी होती, मला माहीत आहे. पण मोठेपणा सोडवत नाही.

मालक म्हणाले, "रिगो, तू म्हातारा झालास. नातीला खेळवायला जा. दोन ऑगस्टला देवमातेचा सण. त्याआधी खोदायचं यंत्र येईल. तळं खोल करायचं आणि तिलापिया सोडायचे. मासे निदान खाता तरी येतात." मग माझ्याकडे वळून, आम्हा सीमेपलीकडच्यांना इथे मारतात ती हाक मारत, "आणि तू, नीका, अननसवाले माणसं शोधतायत. तुला वाट माहीत आहे."

वाट माहीत आहे. त्या वाटेवर सकाळी अंगाला येणारा औषधाचा वास माहीत आहे. नखं कशी सोलतात तेही माहीत आहे. मी जाणार नाही. हे इथे लिहून ठेवतो, कोणी वाचो न वाचो.

१७ जून

रिगो म्हणाला, पेटी ओढ्यात उलटी करून ये. मी नाही म्हटलं. "मेलेली आहेत," तो म्हणाला. म्हटलं, असतील, पण मला कळल्याशिवाय मी टाकणार नाही. चौतीसच्या चौतीस मरतात कशी? आईची कधी मेली नाहीत.

तो हसला नाही. "बरं, कोंबडेराव. परवा टाक. आता केळी आण जा." हे नवीन नाव कुठून काढलं कोण जाणे. आईच्या कोंबड्यांचं सांगितलं ते माझंच चुकलं.

केळी घेऊन आलो तर हा पेटीपाशी. गुडघ्यापर्यंत चिखल, जणू कालव्याच्या काठावर रांगून आलाय. म्हटलं काय करताय, तर म्हणे झाकण बसवतोय. या वयात काठावर रांगायचं, आणि काम माझ्यावर ढकलायचं.

१९ जून

आज टाकायला काढली. एकेक करून. प्रत्येक अंडं फाडून बघितलं, तशी शपथच घेतली होती. आत पिवळं पाणी, काहींत लहानसं काळं काहीतरी, टरफलाला चिकटलेलं. चौतीस झाली. पेटी उलटी करायला उचलली आणि कोपऱ्यात शेवाळाखाली आणखी एक दिसलं.

पांढरं. फुगलेलं. कुठेही कोळसा नाही.

मी तिथेच बसलो. म्हणजे मी तेव्हा चुकीचं मोजलं. तिसरीतच शाळा सुटलेल्याचं हे असं होतं. एक कोपऱ्यात राहिलं, माझ्या नजरेतून सुटलं, म्हणून माझ्या हातातूनही सुटलं. म्हणून ते जगलं.

तेवढ्यात रिगो आला आणि दाराशी टेकून उभा राहिला. त्याने काही विचारलं नाही. मीच विचारलं, "उलटवायची नसतात?"

"कोंबडी बसते," तो म्हणाला. "पोटाखाली घेते, चोचीने फिरवते. पिल्लाला त्याची सवय. सरड्याची मादी काठावर खड्डा करते, अंडी घालते, थोपटून माती लोटते आणि जाते. मागे वळून बघत नाही. पिल्लू आत एका जागी मूळ धरतं. फिरवलं की तुटतं."

"तुम्ही सांगायचं होतं."

"सांगितलं होतं."

सांगितलं होतं. हात लावू नकोस. मला वाटलं, माझ्या हातांना शिवी दिली.

चौतीस. मीच. याच्या पुढे आज लिहवत नाही.

२० जून

मालक पडवीत जेवत होते. मांसाचं सूप. मी समोर जाऊन उभा राहिलो, टोपी काढली नाही.

"पेटीला फट नव्हती, मालक. अंडी मी मारली. रोज उलटवून. मुकादमाने हात लावू नको म्हटलं होतं."

मायराबाईंच्या हातातली पळी थांबली. रिगो खांबाशी उभा राहून बोटांची नखं बघत होता.

मालक म्हणाले, "आणि हे मला का सांगतोस? याला वाचवायला?"

"नाही. याचं मला काही पडलेलं नाही. पण माझ्या कामावर दुसऱ्याचं नाव नको."

खरं तेच सांगितलं. मला म्हाताऱ्याचे उपकार नकोत आणि मेहेरबानीही नको.

"मग आजच निघ."

"एक जिवंत आहे."

ते हसायला लागले. हसता हसता सूप सांडलं. "एक! एका अंड्यासाठी तळं ठेवू? अगं, ऐकलंस, मायरा?"

"ठेवा," मी म्हटलं. "ते फुटलं आणि या पाण्यावरून पळालं, तर तळं राहील आणि मुकादमही राहील. नाही पळालं, तर मी स्वतःच्या पायांनी अननसात जाईन, तुम्हाला हाकलावं लागणार नाही."

"माझ्या डोळ्यांदेखत पळायला हवं."

"तुमच्या डोळ्यांदेखत."

"सणाआधी."

"सणाआधी."

बाहेर आलो. रिगो मागून येऊन म्हणाला, "स्वतःच्या नोकरीची गोष्ट काढलीस का मध्ये?" म्हटलं, विसरलो. "विसरला म्हणे," तो म्हणाला, आणि शिट्टी वाजवत बिशपला किडे घालायला गेला.

२८ जून

मुंग्या. लाल, चावऱ्या. पेटीच्या टेबलाचे चारही पाय पाण्याच्या डब्यांत उभे केले. मुंग्यांनी एक वाळकं पान डब्यात पाडलं आणि त्यावरून चढल्या. आता तासातासाला डबे बघतो. रिगोने डब्यांच्या काठाला रॉकेलचं फडकं बांधलं, म्हणे वास त्यालाच आवडतो म्हणून.

६ जुलै

आईचा फोन. दोन वर्षांत तिसरा. घरून निघताना मी सांगून निघालो नव्हतो. ती अजून ते काढत नाही, तेच जास्त लागतं. म्हटलं, आई, इथे सरड्यांची अंडी सांभाळतो. ती घाबरून म्हणाली, "उलटवतोस ना रे?"

"नाही, आई. ही उलटवायची नसतात."

"असं कसं?"

"यांची आई पुरून निघून जाते. पिल्लांना तशीच सवय असते. निघाली की त्याच दिवशी पळतात, चढतात, पोहतात. कोणी शिकवत नाही."

मग म्हणाली, "गरीब बिचारी."

कोण, ते विचारायचं राहिलं.

१३ जुलै

काही नाही. अंडं तसंच. उष्णता तशीच. मी हात पाठीमागे बांधून बघतो, रिगो म्हणतो मी पोलिसांनी धरलेल्या चोरासारखा दिसतो.

आज त्याने तळ्यावर बसून मला पाय दाखवला. सरड्याची एक मादी धरली, मागचं बोट ताणलं. बोटाच्या कडेला खवल्यांची झालर. पाण्यावर आपटलं की झालर उघडते, वर ओढलं की मिटते. मग त्याने हात पसरून पाण्यावर थाप मारली. "बघ, खड्डा झाला. खड्ड्यात हवा. खड्डा भरायच्या आत पाय बाहेर काढायचा, पुढचा खड्डा पाडायचा. थांबला की पाणी त्याला धरतं."

"मग तो सारखा पळतच असतो?"

"नाही रे. दिवसभर फांदीवर झोपा काढतो. धोका आला की पळतो. तुझ्यासारखा चोवीस तास नाही."

तळ्याचं अर्धं पाणी माझ्या अंगावर उडालं होतं. दोघंही हसलो. त्याला फार बरं वाटू नये म्हणून मी आधी थांबलो.

२५ जुलै

सुट्टी. जुन्या काळी ग्वानाकास्ते प्रांत आमच्या देशाकडून यांच्या देशाकडे आला, त्याचा यांना आनंद. रिगो सकाळीच म्हणाला, "आभारी आहोत, नीका, छान भेट दिलीत." म्हटलं, ठेवून घ्या, तिथे दुष्काळच आहे. मायराबाई हसून हसून खोकल्या.

अंड्यावर घाम आला आहे. लहान लहान थेंब. आणि एक बारीकशी खळी पडली आहे. मी घाबरलो. मेलेल्यांनाही खळ्या पडल्या होत्या. रिगोला ओढत आणलं. त्याने वाकून बघितलं आणि उभा राहिला. "आता मोजायचं काही नाही, ते आपणच निघेल. जेवायला चल."

३० जुलै

यंत्र आलं. पिवळं. तळ्याच्या काठावर सोंड जमिनीला टेकवून उभं आहे. चालवणारा चार दिवसांचे पैसे घेऊन आला आहे, उद्या सुरू करू का विचारतो. मी त्याच्या चाकांपुढे बसलो. मालक म्हणाले, "नाटकं नकोत. सण दोन तारखेला. मी एक तारखेला सकाळी कार्तागोला पायी निघतो, देवमातेच्या दर्शनाला. निघायच्या आधी दाखव. नाहीतर मी वळलो की हे सुरू."

३१ जुलै

दुपारी अंड्याला चीर पडली. नाकाचं टोक बाहेर. मग काही नाही. संध्याकाळपर्यंत फक्त नाक. मला वाटलं मेलं. मग नाकपुडी हलली.

हात लावला नाही. लावावासा वाटला तितक्या वेळा तळव्यांवर बसलो.

१ ऑगस्ट

पहाटे बाहेर आलं. शेपूट सोडली तर करंगळीएवढंही नाही. मातकट हिरवं. तुरा नाही, काही नाही, नुसते डोळे आणि पाय. मागच्या पायाची बोटं मात्र अंगाच्या मानाने लांबच लांब.

मालक नव्या बुटांत आले, पाठीला पिशवी, कानाला फोन. सोबतचे यात्रेकरू फाट्यावर थांबले होते. "लवकर," म्हणाले.

मी तळ्याच्या काठावर गुडघे टेकले आणि मूठ उघडली. ते हातावर बसून राहिलं.

"पुतळा आहे हा," मालक म्हणाले.

मी बोटाने हलवलं नाही. ओरडलो नाही. पलीकडे रिगो उभा होता, यंत्रवाला सोंडेवर बसला होता. मालकांचा फोन वाजला. "हो, हो, आलोच. पाणी किती बाटल्या?" असं म्हणत ते वळले. त्यांची पाठ तळ्याकडे झाली आणि नेमकं तेव्हा पिल्लू गेलं.

मला पाय दिसलेच नाहीत. पाणी दिसलं. टप टप टप, इतकं बारीक की आवाजही नाही. मान ताठ, शेपूट वर. सगळं तळं. एकदाही बुडालं नाही. पलीकडे तळ्याभोवतीच्या जाळीच्या भोकातून निघालं, कालव्याच्या गवतात शिरलं, संपलं.

मालक वळले. "हं, दाखव. कुठे आहे?"

"गेलं."

"गेलं म्हणजे?"

"धावत गेलं."

"माझ्या डोळ्यांदेखत म्हणाला होतास."

"डोळे तुमचे, मालक. ते कुठे लावायचे ते मी सांगू?"

त्यांचा चेहरा लाल झाला. तळ्याकडे हात करून म्हणाले, "मला इथे फक्त पाणी दिसतंय. थेंब पडायला लागलेत आणि तू..."

थेंब. काठापासून काठापर्यंत लहान लहान वर्तुळं, एकामागे एक, सारख्या अंतरावर, पसरत चाललेली.

"पाऊस असा ओळीत पडतो का?" मी म्हणालो.

त्यांनी वर बघितलं. आभाळ कोरडं होतं. त्यांनी पुन्हा खाली बघितलं. वर्तुळं एकमेकांत मिसळत होती, तरी ओळ अजून कळत होती. त्यांची बायको याच काठावर बसायची, हे मायराबाईंनी मला सांगितलं होतं. त्यांनी फोन खिशात ठेवला. पलीकडून कोणीतरी हॅलो हॅलो करत होतं.

"रिगो," ते म्हणाले. "तू बघितलंस?"

"बघितलं, मालक. या टोकापासून त्या टोकापर्यंत."

खोटं. तो पूर्ण वेळ माझ्या तोंडाकडे बघत होता. मला माहीत आहे, कारण मी वर बघितलं तेव्हा त्याचे डोळे तिथेच होते.

ओळ पुसली जाईपर्यंत मालक उभे राहिले. मग यंत्रवाल्याला म्हणाले, "सोंड उचल. गोठ्यामागे उकिरडा आहे, तो खण. पैसे वाया नको." आणि मला, "एक वर्ष. एकच. आणि टोपी काढत जा माझ्यासमोर."

टोपी काढली नाही. ते लंगडत फाट्याकडे गेले. नवे बूट चावत होते.

९ ऑगस्ट

बिशपच्या दोन माद्यांनी पुन्हा अंडी घातली. एका मोसमात पाच-सहादा घालतात. रिगोने काठावर रांगत, हाताने चाचपून काढून आणली, पुन्हा गुडघ्यापर्यंत चिखल. जशी होती तशीच ठेवायची म्हणून वरच्या अंगाला त्याने स्वतः कोळशाचा ठिपका लावला आणि कोळसा माझ्या हातात दिला. "ठेव. तुला लागतो."

उद्या तो नातीच्या बारशाला लिमोनला जाणार. निघायच्या आधी पेटीसमोर उभं केलं. "ओल राख. ऊन लागू देऊ नकोस. आणि..."

मी त्याच्यासमोर दोन्ही हात खिशात घातले.

अंडी मोजली. बावीस. पुन्हा मोजली, बावीस. रिगोला बोलावून मोजायला लावली, बावीस. म्हणजे मला मोजता येतं. मग मे महिन्यात तीनदा मोजून एक सुटलं कसं? रिगोला तेच विचारलं.

"तिसरीपर्यंतच शिकलास ना," तो म्हणाला. "होतं असं."

म्हटलं, मुकादम, तुम्हाला तर चष्म्याशिवाय अंडंही दिसत नाही, तुम्ही मला शिकवू नका.